आठवा परिच्छेद

लेख गोड लिहिला तर व्याजकाकांच्या पदरात पडणार होतं ते असं: निवृत्तीनंतर दोन वर्षांची मुदतवाढ, खिडकीजवळचं टेबल आणि घरी बसून सुनेला भाजी निवडून देण्यापासून सुटका. नाही लिहिला तर एक घड्याळ आणि निरोपाचं भाषण, तेही संपादकांचं.

"काका, ठेवी घेणाऱ्या त्या कंपनीची अर्ध्या पानाची जाहिरात येतेय," संपादक दात कोरत म्हणाले. "तुमच्या सदरात दोन चांगले शब्द पडू द्या. तुमच्या मुदतवाढीचा कागद इथंच आहे, सहीला." काडीवर काय निघालं ते त्यांनी निरखून पाहिलं आणि त्याच कागदाच्या कोपऱ्याला पुसलं.

काकांना किळस आली. पण कागद त्यांचा होता.

तेहतीस वर्षं अर्थपान सांभाळलेला माणूस. ताळेबंद ते मागून पुढे वाचायचे, कारण कंपन्या आपली घाण शेवटच्या पानांवर, बारीक टिपांत सारतात. इथंही एकोणिसाव्या टिपेत ती सापडलीच: जुन्या ठेवीदारांचं व्याज नव्या ठेवींतून जात होतं. काकांनी सात परिच्छेद कौतुक केलं आणि आठव्यात ही गोष्ट घातली.

संध्याकाळी अंकाची पानं लावणारी मुलगी आली. "काका, जाहिरात वाढलीय. कुठून कापू?"

जाहिरात आयत्या वेळी फुगते, हे काकांना पाठ होतं. कापायचं ते खालून, हे तिला शिकवलंही त्यांनीच.

"विचारतेस काय? नेहमीसारखं."

"पण खरी बातमी तर शेवटी—"

"घरी जायचंय ना तुला?"

आठवा परिच्छेद गेला. मूळ प्रत मात्र काकांनी खणात जपून ठेवली. उद्या कुणी विचारलं तर हात झटकायला.

दहा महिन्यांनी कंपनीला टाळं लागलं. विचारायला आली ती त्यांची थोरली बहीण. हातात लेखाचं कात्रण, घडीवर फाटलेलं.

"लेखावर तुझा फोटो बघून पैसे ठेवले रे. शिवणाचे सगळे."

"आक्का, मी लिहिलं होतं!" काकांनी खण ओढला. "हे बघ. त्यांनी कापलं."

आक्काने चष्मा लावला, बोट ठेवून ओळ न् ओळ वाचली. "म्हणजे तुला ठाऊक होतं."

"अगं, छापणं काय माझ्या हातात—"

"लेख आला त्याच रविवारी माझ्याकडे जेवलास. दोनदा वाढून घेतलंस. पैसे ठेवतेय म्हटलं, तर 'बघ तुझं तू' म्हणालास. तेव्हा तोंड कुणी कापलं होतं?"

काकांच्या हातात ती प्रत तशीच राहिली. संपादकांची काडी आठवली. आपलीच घाण टोकावर धरून आपणच निरखत उभे.

हिशेब असा लागला. कंपनीचा मालक परदेशात पळालेला. संपादक वरच्या मजल्यावर, मोठ्या खोलीत. काकांची मुदतवाढ अजून चौदा महिने शिल्लक. भरलं ते आक्काने: एकवीस वर्षांच्या शिवणाची पुंजी, आणि त्या दिवशीच्या अंकाची किंमतसुद्धा. भाऊ पेपरात असूनही ती पेपर विकतच घ्यायची.