ती ओळ सोडायची नसते

मित्रांनो, मी गाण्याची पेटी आहे, कपडे ठेवायची नव्हे. हे आधीच सांगून ठेवते, कारण परवाच घरातल्या एकानं माझं झाकण उचलून आत मोजे शोधले. माझ्या पोटात पितळेच्या जिभा आहेत, तेव्हा बोलणं तिखट लागलं तर लागू दे. मी जुनी आहे, शाळेची पायरी चढलेली नाही, आणि कुणाची भीड ठेवायचं वयही आता राहिलेलं नाही.

मला घडवणारा कारागीर एकेक जीभ कानशीनं घासायचा, फुंकून बघायचा, तोंड वाकडं करायचा आणि पुन्हा घासायला घ्यायचा. त्याची बायको म्हणाली, "अहो, झाली का पेटी? जेवण निवलं."

"पेटी झाली," तो म्हणाला, "अजून बोलत नाही."

अशा माणसाच्या हातची मी. मिरवत नाही, पण मिरवण्यासारखं आहे.

मग मी दोन भावांच्या घरी आले. थोरले गायचे, धाकटे मला वाजवायचे, मागे बसलेले टाळ्या धरायचे. गाणं कव्वालीचं. त्यात देवाला हाक मारायची, पण दबकत नाही. रुसलेल्या आपल्याच माणसाच्या दारात उभं राहून मारतात, तशी.

आमचा एक नियम होता. गाताना एखाद्या ओळीवर ऐकणारा हेलावला, डोलायला लागला, उठून उभा राहिला, की ती ओळ सोडायची नाही. तो माणूस भानावर येऊन हात वर करेपर्यंत तीच ओळ, पुन्हा पुन्हा. घसा सुकू दे, टाळ्यांनी तळहात लाल होऊ देत. नवे लोक विचारतात, तेच तेच काय गाता? अरे, पहिल्यांदा ओळ गाणाऱ्याची असते. मग ती ऐकणाऱ्याची होते. त्यानंतर ती कुणाचीच उरत नाही, आणि तिथेच माणसाला जे भेटायचं ते भेटतं. त्या वाटेवरून त्याला मध्येच माघारी ओढणं म्हणजे विहिरीत उतरलेल्याचा दोर कापणं.

आणि त्या वाटेवर श्वास माझा लागतो. गाणारे दम घेतात तेव्हा सूर मी धरून ठेवते. हे कुणाच्या लक्षात येत नाही. कौतुक गळ्याचं होतं.

थोरल्यांच्या मुलानं गेल्या वर्षी नवं यंत्र आणलं. बटण दाबलं की त्यातून पेटी वाजते, टाळ्याही वाजतात. गाणं आधीच भरून ठेवायचं. ते आलं त्या दिवशी त्याचं खोकं त्यानं माझ्या भात्यावर आपटलं आणि भाता कोपऱ्यात फाटला.

धाकटे म्हणाले, "अरे, जरा बघून ठेव."

"काका, तिला आता वाजवायचंय कुणाला?"

त्याची आई आतून म्हणाली, "उद्या मला गुडघ्यामुळं उठता आलं नाही, की माझ्यावरही खोकंच ठेव."

मुलगा हसला. भाता फाटलेलाच राहिला. माझ्यावर चादर टाकली, चादरीवर यंत्र. मी टेबल झाले. चहाचे कपसुद्धा ठेवायचे माझ्यावर. माझ्यावर.

आमच्या बैठकीला एक शिंपी यायचा. मागच्या भिंतीला टेकून बसायचा. त्याची बायको वारली तेव्हा तो रडला नाही. दुसऱ्या दिवशी दुकान उघडून बसला. त्यानंतर कुणाशी धड बोलेना. बैठक मात्र चुकवायचा नाही. थोरले म्हणायचे, "हा माणूस काहीतरी शोधायला येतो."

एका संध्याकाळी थोरल्यांनी ओळ घेतली, "तुझ्या दाराशी बसलो, आता ऊठ म्हणू नको." शिंप्याची मान हलली. मग खांदे. मग तो उभा राहिला, डोळे मिटलेले, हात पुढे. थोरल्यांनी ओळ धरली. टाळ्यांनी धरली. यंत्र पुढच्या कडव्यावर गेलं, कारण त्याच्यात तसंच भरलेलं होतं. मुलानं घाईघाईनं बटण दाबलं, तर गाणं पहिल्यापासून सुरू झालं. धाकट्यांनी चादरीखाली हात घालून मला वाजवायला बघितलं. माझ्यातून नुसती हवा गेली. फुस्स. एवढ्या वर्षांची मी, आणि त्या घडीला फुस्स.

शिंप्यानं डोळे उघडले. जिन्याची पायरी हुकावी तसा तो हलला. चपला शोधल्या आणि निघून गेला. मग तो यायचाच बंद झाला.

शेवटी एके दिवशी थोरले म्हणाले, "मी त्याला दारापर्यंत नेलं आणि तिथेच टाकून आलो. त्याचं पुरं होईपर्यंत मी कुठे गाणार नाही."

मुलगा म्हणाला, "बाबा, एका माणसासाठी?"

"बैठक एका माणसासाठीच असते. बाकीचे सोबतीला येतात."

धाकट्यांनी मला उचललं आणि शिंप्याच्या दुकानात नेऊन ठेवलं. "भाता फाटलाय."

शिंपी शिवणयंत्रावरून मान वर न करता म्हणाला, "मी कपडे शिवतो."

"मग हिचं झबलं समजा."

 शिंपी उठला, माझ्या भात्यावरून बोट फिरवलं, जॅकेटच्या कोपराला लावायचं मऊ कातडं काढलं, बारीक टाक्यांनी शिवलं आणि कडेनं खळ लावून चिकटवलं. हात हलका होता. वाळेपर्यंत थांबायला सांगितलं. धाकटे स्टुलावर बसून राहिले. 

कातडं वाळल्यावर धाकट्यांनी भाता ओढला आणि एक सूर दाबला. टिकला. तेव्हा दाराबाहेरून थोरल्यांचा आवाज आला. ते मघापासून पायरीवरच बसले होते, आत यायची लाज वाटत होती म्हणून. ते गायला लागले, "तुझ्या दाराशी बसलो, आता ऊठ म्हणू नको."

शिंप्याच्या हातातली कात्री तशीच राहिली.

एक गिऱ्हाईक आलं. "माझी पँट झाली का?" धाकट्यांनी मानेनंच बस म्हणून खुणावलं. तो बसला, घड्याळ बघितलं, आणि मग काही सुचेना म्हणून टाळी धरली. तालाला चुकत होती. चालतं.

ओळ चालू राहिली. थोरल्यांचा आवाज बसत आला, तेव्हा मी सूर धरला. शिंपी कापडाच्या ढिगावर तोंड ठेवून रडला. बायकोचं नाव घेऊन, मग नाव न घेता, मग नुसताच. शेवटी त्यानं हात वर केला. त्यानंच. मग आम्ही ओळ सोडली.

आता सगळं गोड झालं असेल असं तुम्हाला वाटत असेल. काही झालेलं नाही. थोरले पुन्हा गातात, शिंपी पुन्हा भिंतीला टेकून बसतो, आणि यंत्रही आहेच. मुलगा म्हणतो, "पेटीही सोबत घेऊ, ओळ अडकलीच तर." म्हणजे मी काय स्टेपनी? आणि ओळ अडकत नसते रे, माणूस पोचत असतो. किती वेळा सांगायचं?

तर मित्रांनो, तुमच्या घरात माझ्यासारखी कुणी कोपऱ्यात असेल, तर तिच्यावरचे कप आधी उचला. फाटलेलं वेळेवर शिवून घ्या. ऐन वेळी तोंडातून फुस्स निघतं, त्याची लाज फार वाईट. आणि कुणी तुमच्यासमोर डोळे मिटून उभं राहिलं, तर तुमचं पुढचं कडवं थांबू द्या. त्याचा हात वर येईपर्यंत तिथेच राहा.

श्वास कमी पडला तर मला हाक मारा. भाता शिवलेला आहे.