लाल कोट

बहात्तरच्या दुष्काळात बीडच्या बँडवाल्यांचं काय झालं, याची कुणाला पडली नव्हती. लग्नं पुढे ढकलली, वराती बंद पडल्या. ज्ञानोबा दिवसभर खडी फोडायचा आणि संध्याकाळी त्याच सोललेल्या बोटांनी क्लॅरोनेट वाजवायचा. खरेदी-विक्री संघाचं गोदाम ओस पडलं होतं, तिथे बँडची तालीम चाले. गोदामाची किल्ली ज्ञानोबाकडे असे.

तिथेच बद्रीनाथ येऊन टेकला. मुंबईला चित्रकला शिकलेला, दाढीवाला, खांद्याला शबनम पिशवी. शहरात राहून शहराला न दिसणारी माणसं मला काढायची आहेत, म्हणाला. नुसतं म्हणाला नाही, ज्ञानोबाच्या घरी मुक्कामालाच आला. रेशनवर आलेल्या परदेशी लाल ज्वारीची, मिलोची भाकरी त्याने तोंड वाकडं न करता खाल्ली, टँकरच्या रांगेत घागर घेऊन उभा राहिला, ढोलवाल्यांच्या शिव्या शिकला. वस्तीने त्याला जीव लावला. इतका घरचा झाला की त्याच्या हातातली पेन्सिल कुणाला दिसेनाशी झाली, आणि त्याला तेच हवं होतं.

ज्ञानोबाचं मागणं एकच होतं. "पेंटरसायब, आमाला लाल कोटात काढा."

कोटाला पितळी बटणं होती, खांद्यावर जर होती, पण मागण्याचं कारण वेगळं होतं. त्याचे वडील शहादेव पूर्वी युसूफ वडगावकडच्या एका खेड्यात गावाची हलगी वाजवत. मयताला, जत्रेला, पाटलाच्या दारात. छप्पन साली धम्म घेतला आणि घरी येऊन त्यांनी हलगी चुलीत घातली. मग गावही सोडलं. पुढे पोराने क्लॅरोनेट धरलं तेव्हा त्यांनी अबोला धरला. एकदा मात्र वरातीत त्याला कोट घालून ताठ मानेने चालताना पाहिलं. "हे न्यारं हाय," म्हणाले, "हे वाजव." आता त्यांचे डोळे गेले होते.

"काढतो की कोटात," बद्रीनाथ म्हणाला. मग म्हाताऱ्याकडे वळला. "बाबा, हलगी कशी धरायचे, एकदा दाखवता?"

शहादेवांनी मान फिरवली. गळ घातली ती ज्ञानोबाने. "दावा की आबा. घरचाच माणूस हाय."

म्हाताऱ्याने जेवणाचं ताट उचललं, डाव्या हातावर टेकवलं आणि कमरेत वाकून मान खाली घातली. "आसं. मान वर केली की शिवी बसायची." लगेच ताट खाली ठेवून त्यांनी धोतराला हात पुसले. पेन्सिल तेवढी थांबली नव्हती.

संघाच्या वर्धापनदिनाला चित्रं लागली. दुष्काळ असला तरी हारतुऱ्यांना काही कमी नव्हतं. ज्ञानोबा कोटाला इस्त्री करून गेला. समोरच्या भिंतीवर मोठं चित्र होतं. भेगाळलेली जमीन, कमरेत वाकलेला माणूस, हातात हलगी. चेहरा ज्ञानोबाचा होता.

"कोट कुठं हाय?"

"कोट साहेबाच्या देशातला, ज्ञानोबा," बद्रीनाथ समजावणीच्या सुरात म्हणाला. "हे तुमचं खरं रूप."

"आमचं खरं काय ते आमाला इचारायचं व्हतं."

तेवढ्यात संघाचे चेअरमन आले. चित्र पाहून खूश झाले. "ह्याला म्हणतात आपल्या मातीतलं. औंदाच्या मिरवणुकीला बँड नको, हलगीच आणा."

"आमी हलगी वाजवत न्हाई."

"मग किल्ली ठेवा टेबलावर."

ज्ञानोबाने बद्रीनाथकडे पाहिलं. तो खाली वाकून चित्राची चौकट सरळ करत होता. ज्ञानोबाने किल्ली ठेवली आणि तो बाहेर पडला.

घरी म्हातारा वाट पाहत बसला होता. "लागलं का रं चितर?"

"लागलं, आबा."

"कोट?"

"लाल हाय. बटनंसुदिक काढलीत."

"मला न्हाई ना काढलं, ताट धरल्यालं?"

"न्हाई, आबा."

शहादेवांचा चेहरा फुलला. "भला माणूस हाय. मी भेत व्हतो उगं. आज त्याला ग्वाडधोड जेवाया घाल."

"बरं," ज्ञानोबा म्हणाला आणि कोटाची बटणं सोडू लागला.