परवापंथाचे घटिकापात्र

मित्रांनो, बुडण्यासाठीच घडवलेले मी एक जुने तांब्याचे पात्र आहे. ओंजळीत मावेन एवढा माझा आकार आणि बुडाला सुईच्या टोकाएवढे भोक. पाणी भरलेल्या गंगाळात मला सोडले की त्या भोकातून पाणी हळूहळू आत चढते. एक घटका झाली की मी भरतो आणि तळाशी जातो. घटका म्हणजे तुमच्या घड्याळाची चोवीस मिनिटे. मग मला वर काढतात, रिकामे करतात आणि पुन्हा सोडतात. माझी हकिकत खरे तर एवढीच. ती सांगण्याजोगी आहे की नाही, याची माझी मलाच खात्री नाही. तरी सांगतो.

एका तांबटाने मला ठोकून ठोकून गोल केले. पुढे दारव्ह्याच्या एका जोशांच्या घरी माझी बरीच वर्षे गेली. लग्नाच्या मांडवात मला मान असे. मी बुडालो की अक्षता पडत. मग लोकांच्या मनगटांवर घड्याळे आली आणि मला कोणी विचारीनासे झाले. भोक असलेल्या भांड्यात पाणी राहत नाही, की मीठ ठेवता येत नाही. मी माळ्यावर काळा पडत गेलो. शेवटी भंगारासोबत नेरला अय्यूबभाईंच्या दुकानात पोचलो. भांड्यांना कल्हई करणे आणि फुटक्या भांड्यांना डाग देणे हा त्यांचा धंदा.

तिथे मला श्रावणभाऊंनी पाहिले. नेरच्या बसस्थानकावर गाड्यांच्या वेळा पुकारण्यात त्यांचा जन्म गेला होता. निवृत्तीनंतर पुस्तके वाचत बसत.

"श्रावणभाऊ, भांडं चांगलं हाय, फकत भोक पडेल हाय," अय्यूबभाई म्हणाले. "थांबा, डाग मारून देतो."

"नको मारू बाप्पा! त्या भोकासाठीच घेऊन राह्यलो मी ते."

"भोक इकत घेता? मंग तांबं फुकट घेऊन जा भाऊ!"

असा मी श्रावणभाऊंच्या ओसरीवर आलो आणि एका धर्माचा देव झालो. देव म्हणायलाही मला संकोच वाटतो. श्रावणभाऊंनी एक पंथ काढला होता, परवापंथ. त्यांचे म्हणणे असे, की आपल्या भाषेत होऊन गेलेला दिवसही परवा आणि येणारा दिवसही परवा. गेलेले आणि येणारे एकाच घरात राहतात, दारे तेवढी दोन. म्हणून बोलायचे राहून गेले असेल, तर ते आजही बोलता येते. दर रविवारी सकाळी मला गंगाळात सोडत. मी तरंगत असेपर्यंत कोणी उंबरा ओलांडायचा नाही, मोबाइल बघायचा नाही. एकाने गेलेल्या माणसाशी बोलायचे, बाकीच्यांनी ऐकायचे. मी तळाला टेकलो की सगळे एकदम "परवा" म्हणत आणि उठत. मला त्यातले गूढ कधी उमगले नाही. मी फक्त बुडत होतो.

ऐकून ऐकून मात्र थकलो. सर्वांत जास्त थकलो ते भागीरथाबाईंच्या बोलण्याने. त्यांची पाळी आली की त्या वारलेल्या नवऱ्याला तेच सांगत. "तुमच्या लेकीले म्या फोन केला होता. सांगतलं होतं. ते मानत नाही."

त्यांची लेक जया पांढरकवड्याला दवाखान्यात परिचारिका होती. बाप दगावला तेव्हा ती पोचली नव्हती. बापाला नेल्याचे आईने कळवलेच नाही, असे ती म्हणे. मुद्दामच उशिरा आली, असे आई म्हणे. तेव्हापासून दोघींचे बोलणे बंद होते.

आणि एका रविवारी जया दारात उभी राहिली. तिला हैदराबादला नोकरी लागली होती. घरातले आपले सामान घ्यायला आली, तर दाराला कुलूप. किल्ली आईपाशी आणि आई इथे.

"बस, पोरी," श्रावणभाऊ म्हणाले. "हे बुडालं का मोकळी."

"काका, माही गाडी हाय."

"गाड्यांचं मले नको सांगू. जन्मभर त्याच पुकारल्या मी."

जया उंबऱ्याजवळ बसली. पाळी भागीरथाबाईंची होती. त्यांनी तोंड उघडले आणि मिटले. मी तरंगत राहिलो. नेहमीची घटका सरली, तरी मी बुडेना. आत थेंबही आला नव्हता.

"आज याले बुडायचं मन नाही वाटते," धरमसिंग पुटपुटला. तो तांड्यावरचा, नेमाने येणारा माणूस. "चहा तरी ठेवा कोणी."

जया उठली. तिने मला उचलून उलटे केले. बुडाला मेण होते. त्या सकाळी चिंचेने मला घासता घासता भागीरथाबाईंनीच ते लावले होते.

"आई, हे तू लावलं? काहून?"

"तू सामान न्याले येऊन राह्यली, हे कळलं होतं मले. हे बुडालं का तू जाशीन. अन् मले तं काही सुचून नाही राह्यलं."

जयाने केसांतली पिन काढली, मेण टोकरून टाकले आणि मला परत पाण्यात सोडले. "आता बोल. हे बुडेस्तोवर मी ऐकून राह्यली. मंग जाईन."

पाणी आत चढू लागले. थांबणे माझ्या हाती नव्हते.

"दवाखान्याच्या पायरीवरून फोन केला म्या," भागीरथाबाई म्हणाल्या. "आवाज तुटून राह्यला होता. तुह्या बाबाले अमरावतीले परवा नेलं, असं सांगतलं."

जया हळूच म्हणाली, "मले 'अमरावतीले, परवा' एवढंच ऐकू आलं. मी समजली, परवा नेणार हायेत. सुट्टी टाकून दोन दिवसांनी निघाली. आली तं घराले कुलूप."

"नेलं म्हटलं होतं वं म्या."

"तो शब्दच नाही आला, आई. अन् म्याही परत नाही विचारलं."

मी गळ्यापर्यंत भरलो होतो. इतकी लग्ने, इतके रविवार, पण एवढे जड मला कधी वाटले नव्हते. मी तळाला टेकलो. त्या दिवशी कोणीच "परवा" म्हणाले नाही. श्रावणभाऊ गंगाळाकडे बघत राहिले. आपल्या पंथाचा सगळा आधार असलेल्या त्या शब्दाने एक घर दुभंगले होते, हे त्यांना आत्ता कळत होते.

भागीरथाबाईंनी कमरेची किल्ली जयाच्या हातावर ठेवली. "आता कधी येशीन?"

"पर..." जयाने जीभ चावली. "पोळ्याच्या दिवशी. सकाळच्या गाडीनं."

"मी फाट्यावर उभी राहीन."

मित्रांनो, रविवारी अजून चार माणसे जमतात. माझा पत्रा झिजला आहे. एखाद्या सकाळी मी बुडेन आणि वर येणार नाही, असे वाटते. काम झाले की मला पुसून पालथे ठेवत जा, क्षार धरून भोक बुजते. धर्मातले मला काही कळत नाही. पण आपल्या माणसाचे बोलणे नीट ऐकू आले नाही, तर पुन्हा एकदा विचारा. त्याला अर्धी घटकाही लागत नाही. हे मी मोजले आहे.