आभाराचं पान

बोट्स्वानातल्या फ्रान्सिसटाउनला मी दोन वर्षं रा मोलाले, म्हणजे मोलालेसाहेब, यांच्याकडे घरकाम करत होते. त्याआधी सीमेपलीकडे, आमच्या झिम्बाब्वेत, चौदा वर्षं मुख्याध्यापिका होते. रा मोलाले विद्यापीठातून निवृत्त झालेले. बोट्स्वाना कसा सावरला आणि झिम्बाब्वे कसा बुडाला, यावर ते पुस्तक लिहीत होते. मी इस्त्रीला बसले की वही घेऊन समोर यायचे. शाळेत मुलं किती होती, खडू कधी संपले, हातपंप कोणत्या वर्षी बंद पडला, असं विचारायचे. मी सगळं सांगायची. मला कितीतरी वर्षांत कुणी काही विचारलंच नव्हतं. येताना पिशवीत घालून आणलेला हजेरीपटसुद्धा मी त्यांना दिला. अट एकच घातली, की माझं नाव कुठं यायला नको.

दोन हजार आठ साल होतं ते, निवडणुकीचं. आमच्याकडे सत्ताधारी पक्षाची माणसं विरोधकांच्या याद्या घेऊन गावोगाव फिरत होती आणि शिक्षकांची नावं यादीत वरती असायची. माझी आई तिकडेच, घरात एकटी.

शुक्रवारी सकाळी छापखान्यातून दोनशे प्रती आल्या. पाचला ग्रंथालयाच्या सभागृहात प्रकाशन. जेवणाची भांडी आवरून मी एक प्रत उघडली. पहिल्याच पानावर आभार होते, आणि त्यात सर्वांत वर माझं नाव. सिखांगेले न्योनी. पुढे शाळेचं नाव, त्याच्यापुढे गावाचं.

"रा, हे काय केलंत?"

"तुमचा मान ठेवला," ते हसून म्हणाले. "दुसऱ्याच्या मेहनतीवर स्वतःचं नाव लावणाऱ्यांतला नाही मी."

"मी नको म्हटलं होतं."

"अहो, घाबरता कशाला? हा कायद्याचा देश आहे. इथं तुम्हाला कोण हात लावतंय?"

"इथं नाही लावणार, रा. माझी आई इथं नाही."

ते म्हणाले, दुसऱ्या आवृत्तीत काढू. मा मोलाले, त्यांच्या पत्नी, दारात उभ्या राहून ऐकत होत्या. त्या आत गेल्या आणि शिवणाच्या डब्यातलं ब्लेड घेऊन आल्या. पहिलं पान त्यांनीच कापलं.

"बसा आता," त्या नवऱ्याला म्हणाल्या. "भाषण पाठ करायचं राहू दे."

आम्ही तिघं जेवणाच्या टेबलाशी बसलो. ते दोघं पानं कापत होते. कापलेली पानं मी चुलीत घालत होते. शेवटी प्रती मोजल्या तर एकशे नव्व्याण्णव भरल्या.

रा मोलाल्यांनी कपाळाला हात लावला. "एक सकाळीच बसवाल्याकडे दिली. झिम्बाब्वेत बुलावायोला माझा वर्गमित्र आहे, त्याच्यासाठी."

बस चारला सुटायची. घड्याळात साडेतीन वाजत आले होते. सीमेवर पार्सलं उघडून बघतात हे मला ठाऊक होतं, आणि त्यांनाही.

त्यांच्या गाडीतून आम्ही बस थांब्यावर पोचलो, तर तिथं पोलीस कागद तपासत होते. माझ्या कामाच्या परवान्याची मुदत एप्रिलमध्येच संपलेली. "तुम्ही गाडीतच बसा," असं सांगून रा मोलाले उतरले. मी काचेतून बघत होते. ते हातवारे करून ड्रायव्हरला समजावत होते आणि ड्रायव्हर मान हलवत होता. टपावर पिठाची पोती आणि तेलाचे डबे रचलेले, दोर आवळलेले. चार वाजायला सात मिनिटं होती.

मी दार उघडून उतरले.

"बाबा," मी त्याला आमच्या भाषेत म्हटलं, "त्या पुस्तकात माझं नाव आहे. गावासकट."

ड्रायव्हरने माझ्याकडे एकदा पाहिलं. "मग हे साहेब मला मघापासून दुसरंच काय सांगतायत?" असं म्हणत तो शिडीला भिडला. दोर सोडून, दोन पोती सरकवून त्याने ते पुडकं माझ्या हातात टाकलं. तेवढ्यात मागून आवाज आला.

"मा, कागद दाखवा."

पासपोर्ट चाळून शिपाई म्हणाला, "परवान्याची मुदत संपलीय. कुठं काम करता?"

मी रा मोलाल्यांकडे पाहिलं. परवाना नसलेल्या बाईला कामावर ठेवणाऱ्यालाही पकडतात. एका तासाने त्यांना सभागृहात उभं राहून कायद्याच्या राज्यावर बोलायचं होतं. त्यांनी नजर घड्याळाकडे वळवली. मला राग आला नाही असं म्हणणार नाही. पण त्यांच्या हाताला ब्लेडने चिरलं होतं, त्यावर कागदाचा तुकडा चिकटवलेला. तो मला दिसला.

"कुठंच नाही," मी म्हटलं. "घरी चाललेय. हीच माझी बस."

"बरं झालं. चढा मग."

"थांबा, ही बाई माझ्या—" रा मोलाले एकदम म्हणाले. तोवर ड्रायव्हरने दार लावलं होतं.

शहर मागे पडल्यावर मी पुडकं फोडलं. पान फाडून त्याचे बारीक तुकडे केले आणि खिडकीतून थोडे थोडे सोडले. पुस्तक मात्र टाकवेना, खांद्यावरच्या पिशवीत ठेवलं. माझ्या शाळेची चौदा वर्षं होती त्यात.

सीमेवर बोट्स्वानाच्या खिडकीवर मुदत टळल्याचा शिक्का बसला. आमच्या खिडकीवर फॉर्म भरायचा होता. व्यवसायाच्या रकान्यात हाताने सवयीने लिहिलं, शिक्षिका. खोडलं असतं तर जास्तच नजरेत भरलं असतं.

अधिकाऱ्याने फॉर्म वाचला, मग पिशवीतून पुस्तक काढलं. मुखपृष्ठावर दोन्ही देशांचे नकाशे होते.

"आपल्याबद्दल वाईटच लिहिलं असेल?"

"आकडे लिहिलेत," मी म्हटलं.

त्याने पहिली पानं उलटली. फाटलेल्या कडेवरून बोट फिरवलं. "इथलं पान कुठंय?"

"माझ्या हातात आलं तेव्हा..." मागची रांग कान देऊन ऐकत होती.

त्याने पुन्हा फॉर्मकडे पाहिलं आणि आवाज खाली आणला. "माझी मुलगी फेब्रुवारीपासून घरी बसलीय. वर्गावर बाईच नाहीत." मग मोठ्याने, सगळ्यांना ऐकू जाईल असा, खेकसला, "पुस्तक जप्त! चला, पुढे व्हा." पुस्तक त्याने टेबलाखाली ठेवलं आणि पासपोर्टवर शिक्का मारला.

आई अंगणात भुईमुगाच्या शेंगा तोडत बसली होती. मला रिकाम्या हातांनी आलेली बघून तिला काहीतरी झालंय हे कळलं. "तेल नाही आणलंस?" एवढंच ती म्हणाली.

घरी पक्षाचं कुणी आलं नव्हतं, नंतरही आलं नाही. तिसऱ्या आठवड्यात तोच ड्रायव्हर पिठाचं पोतं आणि मा मोलाल्यांची चिठ्ठी घेऊन आला. साहेब सभागृहात उशिरा पोचले, भाषण कसंबसं उरकलं आणि सोमवारी माझ्या परवान्याचा अर्ज घेऊन स्वतः कचेरीत गेले, दंड भरायची तयारी ठेवून, असं त्यांनी लिहिलं होतं. मी परत कधी येते, हेही विचारलं होतं.

मी गेले नाही. पुढच्या वर्षी शाळा उघडल्या तेव्हा पहिल्या दिवशी माझ्या वर्गात अकरा मुलं आली. मी नवा हजेरीपट आखायला घेतला.