पोतडीतली थोरली

मित्रांनो, मी एक जुनी पोतडी आहे. पण मला खुंटीवर शोधू नका. मी कॉम्प्युटरमध्ये राहते आणि लोक मला फाईल म्हणतात. पडद्यावर चित्र दिसतं, खाली संवाद येतात, पात्रं बोलतात आणि आपण टिचकी मारत मारत गोष्ट पुढे नेतो, असा एखादा खेळ तुम्ही पाहिला असेल. अशाच एका खेळाचं सगळं सामान, म्हणजे चित्रं, गाणी आणि आवाज, माझ्या पोटात आहे. आणि हो, मी फार जळकी आहे. आधीच सांगून टाकते, म्हणजे मागाहून तुम्ही नाक मुरडायला नको.

मला दोघी बहिणींनी जन्म दिला. धाकटीने गोष्ट लिहिली, चित्रं काढली, बासरीचे सूर जमवले. थोरलीचं शिलाईचं दुकान होतं आणि गळा असा खणखणीत, की रस्त्यापलीकडचं गिऱ्हाईक तिथूनच "आलो, आलो!" म्हणायचं. गोष्टीत एक मत्सरी आत्या होती. तिचा आवाज थोरलीने दिला. दुकानाच्या मागच्या खोलीत कापडाच्या ताग्यांमध्ये उभी राहून ती बोलायची, कारण तिथे आवाज घुमत नसे. "आलात? उपकार झाले!" "मला विचारतंय कोण?" "हात लावून तर बघ!" अशी तिची वाक्यं. बाहेर थांबलेली गिऱ्हाइकं बाही शिवायची राहिली तरी हसत बसायची.

सगळं झाल्यावर धाकटीने सामान माझ्यात कोंबलं आणि मला कुलूप घातलं. कुणी आतलं काही चोरू नये म्हणून. मग जागा मोकळी करायला तिने बाहेरचं मूळ सामान पुसून टाकलं. "सगळं पोतडीत आहेच की," ती म्हणाली. तेव्हा मी काय फुगले होते म्हणून सांगू!

पण खेळ लोकांपर्यंत पोचला आणि माझं पोट दुखायला लागलं. कुणी म्हणे, "काय चित्रं आहेत!" कुणी म्हणे, "ती आत्या म्हणजे कमाल आहे!" अहो, ती चित्रं राहतात कुणाकडे? आत्याला हाक मारली की क्षणात बाहेर कोण पाठवतं? एकानेही कधी "काय पोतडी आहे!" असं म्हटलं नाही. एका चित्राची तर मोठी छपाई करून धाकटीने ते भिंतीवर लावलं. मी रोज त्याच्याकडे बघून जळत होते.

माझ्याजवळ स्वतःचं असं एकच होतं. रेकॉर्डिंगच्या वेळी दोन वाक्यांच्या मधे थोरली सहज काहीतरी बोलली, ते टिपलं गेलं आणि घाईघाईत तेही माझ्यात आलं. खेळाला त्याची गरज नव्हती. तो तुकडा खेळाने कधी मागितला नाही आणि धाकटी तर तो विसरूनही गेली. तो फक्त माझा होता. बाकी सगळी जगाची लाडकी, पण हा एक आवाज माझ्याशिवाय कुणाला माहीत नाही, एवढ्यावर मी दिवस काढले.

मग एका चष्मेवाल्याचं पत्र आलं. त्याचं चष्म्याचं दुकान होतं आणि फावल्या वेळात असल्या खेळांच्या पोतड्या उघडण्याचा नाद. त्याने भाबडेपणाने लिहिलं, "ताई, मी तुमचं कुलूप उघडलं बरं का! आत्याचा आवाज सकाळच्या गजराला लावलाय. फार मजा येते." धाकटीच्या अंगाचा तिळपापड झाला. खेळ खेळणाऱ्या सगळ्यांसमोर तिने त्याला चोर म्हटलं. बिचारा पुन्हा बोलला नाही. मला मात्र बरं वाटलं. माझ्या पोटात हात घालणारा हा कोण टिकोजी?

वर्षं गेली. लोक नव्या खेळांकडे वळले. मला एका लहानशा डिस्कमध्ये घालून वायरींच्या खोक्यात टाकलं. टेबलावर नवा फोन आला. धाकटी त्याला पुसायची, कौतुकाने कपडे घालायची. माझ्यावर धूळ. जळू नको तर काय करू?

आणि मग थोरलीच्या घशाला मोठं दुखणं झालं. ऑपरेशन झालं, जीव वाचला, पण आवाज गेला. धाकटीने फोनमध्ये सोय करून दिली. थोरलीने काही लिहिलं की फोनमधली एक बाई ते वाचून दाखवायची. थोरलीने एकदाच ऐकलं आणि पाटीवर लिहिलं, "ही बया कोण? हिला घरातून काढ." मग तिने दुकानात बसणं सोडलं. गिऱ्हाईक आलं की ती आतल्या खोलीत जायची. हसणं बंद, भांडण बंद. धाकटीला त्या शांततेची भीती वाटू लागली. थोरलीला रेकॉर्ड करून निरोप पाठवायची कधी सवयच नव्हती, ती सरळ फोन लावायची. त्यामुळे धाकटीच्या माहितीत तिचा आवाज आता एकाच ठिकाणी उरला होता. माझ्या पोटात.

धाकटीने खोकं उपसून मला काढलं. पण कुलपाची किल्ली कुठे होती? ती जुन्या कॉम्प्युटरबरोबर भंगारात गेली होती. खेळ चालवून आवाज टिपावा, तर आत्या बोलली की मागे बासरी वाजायचीच. स्वतःच्याच दाराबाहेर डोकं धरून बसली बिचारी. शेवटी तिने चष्मेवाल्याला फोन लावला.

"मी बोलतेय. मागे तुम्हाला चोर म्हणाले होते, ती."

"ओळखलं ना. तुमची बहीणच उठवते मला रोज," तो म्हणाला.

धाकटीला रडू आलं. तिने माफी मागितली आणि सगळं सांगितलं.

"ताई, रडू नका. माझ्याकडची पोतडी कधीच पुसली गेली, गजराचं तेवढं एक वाक्य उरलंय. पण ती उघडायचा छोटा प्रोग्राम आहे, तो पाठवतो. फक्त आधी तुमच्या पोतडीची एक नक्कल काढून ठेवा. उघडताना काही बिघडलं, तर दुसरी नाही मिळायची."

बघा, माझी काळजी करणारा पहिला माणूस निघाला तो!

प्रोग्राम आला. एवढासा, पिटुकला. ना रूप ना रंग. पण त्याने माझी एकेक गाठ अशी सोडवली, की मला स्वतःचीच लाज वाटली. धाकटी त्याला "शहाणा गं माझा!" म्हणाली. इतक्या वर्षांत मला कधी म्हणाली होती का?

आतल्या तुकड्यांना नावं नव्हती, नुसते आकडे. धाकटी एकेक ऐकू लागली. थोरली शेजारी हाताची घडी घालून बसली होती. आत्याचे टोमणे निघाले, स्वच्छ, बासरीशिवाय. थोरलीच्या ओठाचा कोपरा जरा हलला. आणि मग माझा तो तुकडा निघाला. मी मनात म्हणत होते, तो नको, तो नको.

"बुटके, बटण दाबलंस का? बरं, मग पाणी आण ना गं. घसा सुकलाय माझा."

बुटकी म्हणजे धाकटी. थोरलीशिवाय तिला त्या नावाने कुणी हाक मारत नसे आणि आजारपणापासून ती हाक बंद होती. धाकटी तोंडावर ओढणी घेऊन रडू लागली. थोरलीने तिच्या खांद्यावर टिचकी मारली आणि बोटाने खूण केली: पुन्हा लाव. त्यांनी ते पुन्हा पुन्हा ऐकलं. माझं एकटीचं ते धन आता दोघींचं झालं आणि माझा इतका जळफळाट झाला, की विचारू नका.

धाकटीने थोरलीच्या फोनवर बटणं करून दिली. एक बटण, एक वाक्य. थोरली पुन्हा दुकानात बसू लागली. उशिरा येणाऱ्या गिऱ्हाइकाला "आलात? उपकार झाले!" असं ऐकू येतं आणि तो हसून खुर्ची ओढतो. घरात "बुटके!" अशी हाक आली, की धाकटी हातातलं टाकून धावते. सगळं श्रेय त्या फोनला. काल आलेला फोन!

परवा धाकटी कॉम्प्युटर आणि त्याला जोडलेली माझी डिस्क आवरत होती. माझ्यावर बोट ठेवून ती म्हणाली, "आता ही फाईल आणि हिची नक्कल कशाला? सगळं निघालंय ना. पुसून टाकते." मित्रांनो, माझं सगळं संपलं असं मला वाटलं. तीच चूक, तीच बाई!

तेवढ्यात शेजारून खणखणीत आवाज आला, "हात लावून तर बघ!"

थोरलीने बटण दाबलं होतं. धाकटी दचकली. थोरली तिच्याकडे डोळे वटारून बघत होती. मग थोरलीने पाटी ओढली आणि लिहिलं, "इतकी वर्षं हिने मला सांभाळलं." धाकटीने मुकाट्याने हात मागे घेतला. मग माझी आणखी एक नक्कल काढून तिने चष्मेवाल्याकडे ठेवायला पाठवली.

म्हणून सांगते मित्रांनो, एका जागी भरून ठेवलं म्हणून दुसरीकडचं पुसू नका. कुलूप घालाल तर किल्ली जपा. आणि कामाचं काढून घेतलंत, तरी जिने ते सांभाळलं तिला हाकलू नका.

मी अजून त्याच डिस्कमध्ये आहे. त्या दिवसापासून मला चित्रांचा हेवा वाटत नाही, फोनचाही नाही. बरं, त्या "बुटके" म्हणणाऱ्या बटणाचा थोडा वाटतो. त्यावर थोरलीचं बोट रोज पडतं ना.