व्हिरिओचं बोलणं

व्हिरिओ ओळखणं हे आधी डोळ्यांचं काम नाही, हे मी इथे कॅनडात, विंडसरमध्ये कितीजणांना सांगितलं असेल. टीचभर हिरवट पक्षी, हिरव्या पानांत, झाडाच्या शेंड्याला. मान मोडेपर्यंत बघितलं तरी पान हललं की पक्षी, ते कळत नाही. आधी कानानं झाड शोधायचं, मग डोळ्यांनी पक्षी.

आमच्या घरात कान माझे आणि डोळे हेमचंद्रांचे. माझे यजमान गाड्यांच्या कारखान्यात इंजिनिअर होते, मी पॅथॉलॉजिस्ट; आता दोघंही रिटायर्ड. १९८३च्या मे महिन्यात शेजारच्या बाईंनी आम्हाला पहिल्यांदा पॉइंट पेलीच्या रानात नेलं आणि आम्ही कायमचे बिघडलो. पहाटे पाचला निघायचं, थर्मासमध्ये चहा, डब्यात लसणाची चटणी लावून गुंडाळलेल्या पोळ्या. रानात मी थबकायचे, हेमचंद्र दुर्बीण लावायचे आणि अर्ध्या मिनिटात म्हणायचे, सापडला. इतक्या चटकन पक्षी शोधणारा दुसरा माणूस मी पाहिलेला नाही. मे महिन्यातल्या त्या सकाळी आठवत मी इथले हिवाळे काढते.

पुस्तकांतली आवाजांची वर्णनं माझ्या कधी डोक्यात शिरली नाहीत, म्हणून मी आपले शब्द लावले. लाल डोळ्यांचा व्हिरिओ म्हणजे पंगतीत आग्रह करणारी मामी. "जेवलास का? घे ना. अजून घे. पुरे? घे ना." सकाळपासून संध्याकाळपर्यंत, दम न खाता. पिवळ्या गळ्याचा तेच म्हणतो, पण घसा बसलेला. निळ्या डोक्याचा सावकाश, मध्ये विचार करून. मी हे म्हणून दाखवायचे आणि हेमचंद्र हसून मान डोलवायचे. वहीत दोन रकाने होते, ऐकला आणि दिसला. दोन्हीकडे दोघांचीही खूण झाल्याशिवाय पक्ष्याचं नाव लागायचं नाही. नियम माझा, लॅबमधली खोड, दुसरं काय.

यंदा आमची मुलगी यामिनी ओकव्हिलहून आली ती बापाला कान तपासायला ऑडिओलॉजिस्टकडे घेऊनच गेली. टीव्हीचा आवाज बेसमेंटपर्यंत जातो, ही तिची तक्रार. कानातली मशीन आली, आणि मे महिन्याच्या दुसऱ्या शनिवारी आम्ही नेहमीसारखे पेलीला गेलो.

पार्किंगमधून रानात शिरून वीस पावलं झाली नसतील, हेमचंद्र थांबले.

"प्रभा, हा कोण गं? मघापासून बोलतोय, थांबतच नाही."

मी कान दिला. लाल डोळ्यांचा व्हिरिओ. चाळीस वर्षं, दर मे महिन्यात, दिवसाला शंभरदा ऐकलेला.

हा तुम्हाला ओळखू येत नाही का, असं मी विचारलं तेव्हा ते दुर्बिणीची काच पुसायला लागले. चोरी पकडली गेलेल्या नवऱ्याचा चेहरा बायकोला शिकवावा लागत नाही. वाटेवरच्या बाकावर बसून त्यांनी सगळं कबूल केलं. कारखान्यात प्रेस शॉपमध्ये, पत्रे ठोकणाऱ्या यंत्रांच्या दणदणाटात, नऊ वर्षं कानात काही न घालता काढली होती. आम्ही पहिल्यांदा रानात आलो तेव्हाच बारीक आवाज गेलेले होते. माणसांचं बोलणं कळायचं, निदान सोयीचं तेवढं तरी. पक्षी मात्र एकही ऐकू येत नव्हता.

मला राग आला, आणि तो लटका नव्हता. वहीत खोट्या खुणा केल्या, त्याचं मला फार काही वाटलं नाही. पण इतकी वर्षं मी ज्या सकाळी दोघांच्या म्हणून जपल्या, त्या सकाळी मी एकटीच होते की काय? हे मनात आलं आणि रडू फुटेल असं वाटलं.

"मग तुम्हाला पक्षी सापडायचे कसे?"

"तुला बघून," ते म्हणाले. "आवाज आला की तुझी मान किंचित वर जायची. तू बघायचीस तिकडे मी दुर्बीण लावायचो. आणि व्हिरिओ असला की तुझे ओठ आधीच हलायला लागायचे."

"सांगितलं का नाहीत?"

"सांगितलं असतं तर तू माझ्यासाठी ॲडजस्ट करत बसली असतीस. म्हणाली असतीस, राहू दे, नको जायला."

हे खरं होतं. मी नक्की तेच म्हटलं असतं, आणि मे महिन्यातले शनिवार मराठी मंडळाच्या पॉटलक जेवणांमध्ये घालवले असते. तरीही माझा राग लगेच गेला नाही. मी तोंड फिरवून बसून राहिले.

तेवढ्यात हेमचंद्रांची मान वर गेली.

मला काहीच ऐकू आलं नाही. वारा होता, वाटेवरून माणसं बोलत चालली होती. ते बघत होते तिकडे मी दुर्बीण लावली. ओकच्या शेंड्याला, कोवळ्या पानांत, निखाऱ्यासारखा नारिंगी गळा. ब्लॅकबर्नियन वॉर्ब्लर, सगळ्यांत बारीक आवाजाचा, चोच उघडी, सगळं अंग थरथरत गात होता. गेल्या पाच वर्षांत मी हा एकदाही ऐकला नव्हता. हे पक्षी संपत चाललेत, पूर्वीचं रान राहिलं नाही, असं मी भेटेल त्याला सांगत होते, खूप हळहळत होते. आणि हा तर डोक्यावर बसून गात होता.

"ऐकलास?" हेमचंद्रांनी विचारलं. त्यांचे डोळे भरून आले होते.

हो म्हणणं अगदी सोपं होतं. त्यांनी चाळीस वर्षं निभावलं, मला उरलेली चार-पाच निभावता आली असती.

"नाही," मी म्हटलं. "मला नाही ऐकू आला. कसा आहे, सांगा ना."

मग अठ्ठ्याहत्तर वर्षांच्या माझ्या नवऱ्यानं ओठांचा चंबू केला आणि शिट्टी मारून पाहिली. नुसतीच हवा आली. त्यांनी पुन्हा प्रयत्न केला, आणि मी त्यांच्या तोंडाजवळ कान नेऊन बसले.