हार नको, पाय द्या

मी एक जुना जिना आहे. नुसता जिना. वर माडी नाही, खाली घर नाही. चार पायऱ्या चढायच्या, वरच्या फळीवर क्षणभर टेकायचं आणि पलीकडच्या पायऱ्या उतरून पुन्हा जमिनीवर यायचं, एवढंच माझं काम. धरायला दोन्ही बाजूंना कठडे आहेत. मला पाहिलं की शहाणी माणसं हसून विचारतात, "हा जातो कुठे?" हसू द्या. माझं लाकूड आलापल्लीच्या सागाचं. त्याच झाडाच्या बाकीच्या फळ्या कुणाकुणाच्या बंगल्यांच्या दारांना लागल्या आणि दर दिवाळीला पॉलिश खात तशाच उभ्या आहेत. मला त्यांचा हेवा कधीच वाटला नाही. दाराला काय, उघडणं आणि मिटणं.

मित्रांनो, काही मुलांच्या मेंदूला जन्माच्या वेळीच इजा होते आणि मग हातपाय त्यांचं ऐकत नाहीत. अशा मुलाला स्वतःहून किती हालचाल करता येते, हे आमच्या चंद्रपूरच्या केंद्रात तपासतात. आधी सतरंजीवर पाहायचं. कूस बदलतं का, आधाराशिवाय बसतं का, रांगतं का, उभं राहतं का. सगळ्यात शेवटी माझी पाळी. नियम साधे आहेत. मुलाला कुणी हात लावायचा नाही, आणि 'येत नाही' व 'करत नाही' यांची गल्लत करायची नाही. पहिला नियम सगळे पाळतात, दुसऱ्याला पाहुणे आले की सुट्टी मिळते.

अनेक वर्षं मुलांच्या घामानं आणि लाळेनं माझे कठडे काळे पडत गेले. त्या काळेपणाचा मला अभिमान आहे. मग धनराजभाऊ केंद्राचे अध्यक्ष झाले. या गृहस्थांना मुलांपेक्षा मुलांच्या मागे लावलेलं बॅनर जास्त आवडतं. त्यांनी गावोगावी शिबिरं सुरू केली आणि मला टेंपोत घालून धानोऱ्याला नेलं.

तिथे मंडपात उद्घाटनासाठी काहीतरी हवं होतं. टेबल डुगडुगत होतं, म्हणून भाऊंची नजर माझ्याकडे वळली. त्यांनी माझ्या प्रत्येक पायरीवर हळदकुंकू वाहिलं, वरच्या फळीवर झेंडूचा हार ठेवला, उदबत्ती लावली आणि खालच्या पायरीवर असा नारळ आपटला की माझ्या कोपऱ्याचा टवका उडाला. टाळ्या वाजल्या. लाकडाला अक्कल नसते म्हणतात. त्या मंडपात ती आणखी कुणाकुणाला नव्हती, हे मी मोजत बसलो नाही.

स्वातीला तिच्या बापानं, वारलूनं, पाठीवर आणलं होतं. जंगलातल्या गावाची पोर, सात-आठ वर्षांची, गुडघे एकमेकांना घासणारी. तिच्यासाठी त्या दिवशी मोठीच गोष्ट ठरायची होती. जिना जमला तर पायांना आधार देणारे लोखंडी पट्ट्यांचे कॅलिपर आणि केंद्रात राहून चालायचं शिक्षण. नाही जमला तर व्हीलचेअर. व्हीलचेअरला मी नावं ठेवत नाही. ज्याला ती हवी, त्याचे ते पायच आहेत. पण ज्याला चालता येईल त्याला कायमचं बसवून ठेवणं म्हणजे त्याचे पाय काढून घेणंच. त्यातून स्वातीच्या गावची वाट नाल्याच्या रेतीतून जाते. तिथे त्या खुर्चीवर कोंबड्याच बसल्या असत्या.

तपासणाऱ्या प्रियानं तिला माझ्यासमोर उभं केलं. "चढ बरं बेटा. भिऊ नोको."

स्वातीनं माझ्याकडे पाहिलं, पायऱ्यांवरच्या हळदीकडे पाहिलं आणि मान हलवली. "नाई."

"काऊन नाई?"

वारलू पुढे झाला. "मॅडम, घरी ते कुडाले धरून चालते जी. अख्ख्या आंगनात फिरते."

"सगळेच मायबाप असंच सांगतात," धनराजभाऊ म्हणाले. "पटपट आटपा ना बाप्पा, पाहुणे थांबून राह्यले!"

प्रिया हुशार मुलगी आहे, पण भाऊंसमोर तिची हुशारी पदराआड जाते. तिनं 'येत नाही' असं लिहिलं आणि पुढच्या मुलाला हाक मारली. मला तिचा भयंकर राग आला.

पुढचा प्रकार तर ऐकाच. स्वातीला नव्या व्हीलचेअरवर बसवलं. फोटोसाठी हार कमी पडला, म्हणून भाऊंनी माझ्यावरचाच उचलून तिच्या गळ्यात घातला. ज्याला अर्ध्या तासापूर्वी हात जोडले, त्याचाच हार! फोटो निघाला, भाऊ पाहुण्यांना घेऊन चहाकडे वळले.

स्वाती रडकुंडीला आली. "बाबा, देवाचा हार हाय हा. तिथी देव बसवला त्यायनं. मले काऊन घातला?"

तिच्या गावी झाडाखालच्या ज्या दगडाला हळद लागते, त्यावर कुणी पाय देत नाही. पोरीला जिना येत नव्हता असं नाही. ती देवावर पाय ठेवत नव्हती. मंडपात देवाची खरी चाड होती ती एवढ्या एकीला, आणि तिलाच नापास केलं होतं.

ती खुर्चीतून घसरत खाली उतरली, कठडा धरून उभी राहिली. वारलू धावला. तेवढ्यात मागून प्रिया ओरडली, "वारलूभाऊ, हात नोको लावू!"

एका हातात कठडा, गळ्यात हार. स्वाती वाकली. थरथरत, दात आवळून वाकली. माझ्या खालच्या पायरीला बोटं लावून तिनं ती कपाळाला लावली आणि तशीच थरथरत पुन्हा सरळ झाली. मला हळू आवाजात म्हणाली, "तुहा हार ठेवाले येतो." आणि पाय ठेवला. वर पोचायला तिला फार वेळ लागला. हार वरच्या फळीवर ठेवून ती घाम पुसत उभी राहिली, तेव्हा प्रियाचे डोळे भरले होते. मला डोळे असते तर माझेही भरले असते.

प्रिया तडक चहाकडे गेली. "भाऊ, स्वातीले केंद्रात घ्याचं हाय. ते चढली."

"अवो बाई, फोटो निघाला, खुर्चीच्या यादीत नाव वाचून झालं."

"मंग पुन्हा वाचा. चूक माही होती."

नाव पुन्हा वाचलं गेलं. स्वाती केंद्रात आली, पायांत कॅलिपर आले, आणि टवका गेलेल्या माझ्या पायऱ्यांवर ती रोज चढउतर करू लागली. इथवर ठीक होतं. पण धनराजभाऊंना भाषणासाठी गोष्ट मिळाली. आमच्या जिन्यात देव आहे म्हणे! त्यांनी मला रंग लावला, ओसरीत उभं केलं, भोवती दोरी बांधली आणि वर समई ठेवली. मुलांनी शिवायचं नाही. त्यांच्यासाठी नवा जिना मागवला आहे, तो येतोच आहे, असं भाऊ दर महिन्याला सांगत. तोवर पोरं विटांच्या चळतीवर चढत, आणि मी उदबत्तीचा धूर खात बसलो. आयुष्यात एवढी लाज मला कधी वाटली नव्हती.

परवा स्वातीला घरी न्यायला वारलू आला. ती कॅलिपर वाजवत ओसरीत आली. भाऊ पाहुण्यांना माझा चमत्कार सांगत होते. ती दोरीखालून वाकून आत शिरली, पायरीला हात लावून कपाळाला लावला, आणि वर हात नेऊन समई उचलून सरळ भाऊंच्या हातात दिली.

"भाऊ, धरा जरा. मले चढाचं हाय."

भाऊ समई धरून उभे राहिले. एवढं उपयोगाचं काम त्यांनी पहिल्यांदाच केलं. तिच्या मागोमाग विटांवरची पोरंही आली.

मित्रांनो, माझी काळजी घ्यायचीच असेल तर सैल झालेला खिळा ठोका, टवका उडालेला कोपरा घासून घ्या, कुणाला खरचटू नये. बाकी मला काही नको. पाय द्या.